पेलागियाबाईंचा शिवणवर्ग

पोलंडमधल्या यासिओन्काच्या बाजारचौकातून निदा नदीकडे एक गल्ली उतरते. तिथं पेलागिया स्रोका शिवणकाम करायची. रस्त्याकडची एक खोली, मागं स्वयंपाकाची चिंचोळी जागा, खिडकीला लागून पायमशीन. बाई अंगानं किरकोळ, बोलणं तुटक आणि तोंडात बहुतेक वेळा टाचण्या धरलेल्या. कुणी काही विचारलं की ती आधी मान हलवायची, उत्तर मागाहून यायचं. गावात तिला कुणी हुशार म्हणत नसे. हात चांगला आहे बाईचा, एवढंच म्हणत.

तिचा जन्म झारच्या अमलातला. बाप जमीनदाराच्या तबेल्यात कामाला. शाळेत ती दोन हिवाळे काय ती गेली, तीही रशियन शाळा. शेजारच्या मुलीकडे आपल्या पोलिश भाषेत खडू मागितला म्हणून मास्तरणीनं तळहातावर छडी ओढली होती. तेव्हापासून शाळा म्हणजे गप्प बसायची जागा, अशी तिची समजूत झाली ती झालीच. आजीनं प्रार्थनेच्या पुस्तकावरून अक्षरओळख करून दिली, म्हणून वाचता तरी यायचं, पण ओळीखाली बोट फिरवत.

पुढं तिला शुलिम नावाच्या ज्यू शिंप्याकडे कामाला ठेवलं. शुलिम तापट होता, पण शिकवताना त्यानं काही हातचं राखलं नाही. "पोरी, कापड एकदाच कापता येतं," तो म्हणायचा. "डोकं कितीही वेळा चालव, झिजत नाही." म्हातारपणी नजर अधू झाल्यावर आपली मशीन त्यानं तिलाच दिली.

लग्न झालं ते हिलारी नावाच्या सुताराशी. देश नुकताच स्वतंत्र झाला होता. लग्नाला वर्षही झालं नाही तो १९२०च्या उन्हाळ्यात रशियन बोल्शेविकांचं सैन्य वॉर्साच्या वेशीवर येऊन ठेपलं. हिलारी आपण होऊन लढाईला गेला आणि परत आला नाही. आपण जिंकलो, असं लोकांनी तिला येऊन सांगितलं. तिनं ते ऐकून घेतलं, दुखवट्याचं काळं कापड आणलं आणि स्वतःसाठी झगा बेतायला बसली.

अशी वीस वर्षं गेली. मग जर्मन आले.

आल्या आल्या त्यांनी गावातलं हायस्कूल बंद केलं. पोलिश माणसाला बेरीज-वजाबाकी आणि स्वतःची सही आली की पुरे, बाकी त्याचे हात कामाला लागले पाहिजेत, असा नवा कायदा. इतिहासाची पुस्तकं गाडीत भरून कागदाच्या लगद्याच्या कारखान्याकडे गेली. इतिहास शिकवणारे सेवेरिन लासोटा सर लाकडाच्या वखारीत ओंडके मोजू लागले. उंच, खोकणारा, एकटा माणूस. बहिणीकडे राहायचा.

एका दुपारी ते पेलागियाच्या दारात उभे राहिले.

"बाई, मला एक कोट शिवायचाय."

"कापड आणलंत?"

"जुना कोट आहे, तो उसवा आणि पुन्हा शिवा."

"कधीपर्यंत हवाय?"

लासोटा सरांनी दार लावून घेतलं. "तो कधीच पुरा व्हायला नकोय," ते म्हणाले.

पेलागियानं तोंडातल्या टाचण्या काढून उशीत खोचल्या. मग सरांनी सगळं सांगितलं. शिवणवर्ग चालवायला जर्मन परवानगी देत होते, कारण शिवणाऱ्या बायका त्यांना हव्याच होत्या. मुली शिवायला येतील. सर कोटाचं माप द्यायला येतील. आणि मशीन चालू असताना ते इतिहास शिकवतील. गणित नि लॅटिन दुसऱ्या घरांतून शिकवायची सोय झाली होती. इतिहासाला तेवढी जागा नव्हती.

"आणि पकडलं तर?"

"मला नेतील. तुम्हालाही नेतील, ते लपवत नाही."

पेलागिया बराच वेळ त्या जुन्या कोटाची कॉलर उलटसुलट करत राहिली.

"माझी मशीन फार आवाज करते," शेवटी ती म्हणाली. "तुम्हाला घसा ताणावा लागेल. आणि एक सांगून ठेवते, मुलींनी खरोखर शिवायचं. माझ्या घरातून खोटं काम बाहेर जाणार नाही."

असा शिवणवर्ग सुरू झाला. सोमवारी मोठ्या मुली, गुरुवारी धाकट्या. सर स्टुलावर उभे राहायचे, अंगात कच्च्या टाक्यांचा, एका बाहीचा कोट. आणि तिथून ते राजे, लढाया, तह सांगायचे. पेलागिया मशीन चालवायची. आवाज बाहेर जाऊ नये म्हणून ती चालती ठेवणं, एवढंच तिचं काम. गिऱ्हाइकाचं शिवून झालं की चिंध्यांवर चिंध्या जोडत बसायची.

तिला कुणी शिक म्हटलं नव्हतं. पण कान काही झाकता येत नाहीत. लिहून घ्यायची सवय नसल्यामुळे तिनं ऐकलेलं सगळं जसंच्या तसं मनात बसायचं, सर कुठं थांबले, कुठं खोकले त्यासकट.

एका सोमवारी सर १८६३चा उठाव सांगत होते. हिवाळ्यात, कोयते आणि शिकारीच्या बंदुका घेऊन माणसं झारच्या फौजेवर कशी चालून गेली, मग फाशी, मग साखळ्या घालून सैबेरियाची पायी वाट. "बर्फात बोटं गळून पडायची," सर म्हणाले. "परत आले ते फार थोडे, आणि जे आले ते बोलेनात."

मशीन थांबली.

रस्त्यावरून कुणाची तरी घोडागाडी चालली होती, तिच्या चाकांची खडखड आत ऐकू आली. सरांनी घाबरून वळून पाहिलं. "बाई, मशीन."

"माझ्या आजोबांच्या उजव्या हाताला तीन बोटं होती," पेलागिया म्हणाली. "आम्ही विचारलं तर आजी म्हणायची, करवतीत गेली."

मग तिनं पायटा दाबला आणि मशीन पुन्हा सुरू झाली. त्या दिवशी तिनं कुणाच्या तरी परकराला दोनदा शिलाई घातली आणि संध्याकाळी ती उसवत बसली. आजोबांना ती लहानपणी घाबरायची. त्यांच्या मांडीवर कधी बसली नव्हती. आता ते तिला कळले होते, आणि सांगायला कुणी उरलं नव्हतं.

शिवणवर्गावर संशय येऊ नये म्हणून तिनं आणखी एक गोष्ट केली होती. कचेरीतल्या जर्मन साहेबाच्या बायकोचे कपडे शिवायला घेतले होते. बाईसाहेबांची मोटार दाराशी उभी राहिली की शिपाई त्या दाराला सहसा हात लावत नसत. पण गल्लीतल्या लोकांना हे कुठं ठाऊक? पाववाल्याची बायको माल्विना भर रांगेत म्हणायची, "वाट द्या गं, वाट द्या. राणीसरकारांची शिंपीण आली. हिला कोंड्याचा पाव कशाला, हिला तिकडून केक येत असतील."

पेलागिया पाव घ्यायची आणि मान खाली घालून निघायची. घरी आल्यावर तोच कोंड्याचा पाव बीटच्या काळ्या काकवीत बुडवून खायची. एकदा धाकट्या गटातली बोग्ना, मोठी तोंडाळ मुलगी, म्हणाली, "काकू, मी सांगते त्या माल्विनाला चार शब्द."

"काही नको. ती शिव्या देते म्हणून तर जर्मनांना माझी खात्री वाटते. देऊ दे चांगल्या मोठ्यानं."

शिपाई आलेच एकदा. गुरुवारची दुपार, सर स्टुलावर, तोंडी कुठल्याशा राजाची राणी. दार धाडकन उघडलं. दोन जर्मन शिपाई आणि दुभाष्या.

पेलागियानं मूठभर टाचण्या तोंडात कोंबल्या आणि सरांच्या पाठीमागं गेली.

"हा कोण?" दुभाष्यानं विचारलं.

"म्म्म," पेलागिया म्हणाली.

"इथं काय करतोय?"

"म्म्म म्म."

"तोंडातलं काढ आधी."

तिनं एक टाचणी काढली आणि ती कोटातून थेट सरांच्या खांद्यात खुपसली. सर खरोखरच ओरडले. त्यांनी तिला जी शिवी दिली ती मुलींनी त्यांच्या तोंडून कधी ऐकली नव्हती. थोराड शिपाई खो खो हसत सुटला, दुसऱ्यानं मुलींच्या हातातले काज-गुंड्यांचे तुकडे उलटून पाहिले. बोग्नाचं काज त्यानं बोटात धरून बघितलं, मान डोलावली आणि तिघे निघून गेले.

मशीनमागच्या एका मुलीला रडू फुटलं. सर खांदा चोळत म्हणाले, "बाई, एवढी खोल?"

"वरवर टोचली असती तर तुम्ही मास्तरासारखे ओरडला असता," पेलागिया म्हणाली. "गिऱ्हाइकासारखं ओरडायला हवं होतं."

१९४२च्या वसंतात, बाजाराच्या दिवशी, जर्मनांनी चौक दोन्ही बाजूंनी बंद केला आणि हाताला लागतील ती माणसं ट्रकमध्ये भरली. लासोटा सर बटाटे घ्यायला गेले होते. शिवणवर्गाचा त्याच्याशी काही संबंध नव्हता; ते फक्त तिथं उभे होते. त्यांना ऑशविट्झला नेल्याचं पुढं कळलं, आणि उन्हाळा सरता सरता ते गेल्याची तार बहिणीला आली. पेलागियानं तो कोट शिवून पुरा केला, बहिणीच्या मापाचा केला आणि नेऊन दिला. बहीण तो घालून हिवाळाभर हिंडली.

सरांना नेल्यानंतरच्या गुरुवारी मुली आल्या त्या डोळे सुजवूनच. मोठ्या गटाचा अभ्यास १९१८च्या स्वातंत्र्यापर्यंत झाला होता. हा धाकटा गट रशिया, प्रशिया आणि ऑस्ट्रियानं तीनदा देश वाटून घेतला त्या फाळण्यांच्या अलीकडेच अडकला होता. गावात इतिहासाचा दुसरा मास्तर उरला नव्हता.

"आता नुसतं शिवणच शिकू, काकू," बोग्ना म्हणाली.

पेलागियानं तिला मशीनवर बसवलं. "पायटा मार. थांबायचं नाही." आणि स्वतः भिंतीशी, जिथं स्टूल असायचं तिथं, जाऊन उभी राहिली. हातात शिवायला घेतलेली बाही होती, ती तशीच राहिली. शाळेत तोंड उघडलं की छडी बसते, हे तिच्या हाडात मुरलेलं होतं.

"फाळणीच्या आधी," ती म्हणाली आणि थांबली. मग सरांच्याच शब्दांत सुरू झाली, "फाळणीच्या आधी आपला देश हा असा वाडा होता, की ज्याच्या दारांना आतून कडी नव्हती." आणि सर जिथं खोकायचे तिथं तीही खोकली. मुलींना हसू आलं, आणि हसता हसता रडूही. पण पुढं कुणी हललं नाही.

गुरुवारमागून गुरुवार ती बोलत राहिली. आठवड्यात शिवता शिवता धडा मनात घोळवायची, अडलं तर मोठ्या गटातल्या एखाद्या मुलीला गाठून विचारायची. त्याच वर्षीच्या शरदात ज्यूंची सगळी गल्ली एका दिवसात रिकामी केली. म्हाताऱ्या शुलिमला मुलानं हाताला धरून चालवत नेलेलं तिनं खिडकीतून पाहिलं. त्यांना भरून नेणाऱ्या आगगाड्या मृत्युछावणीकडे जातात हे तोवर सगळ्यांना कळून चुकलं होतं. पुढच्या गुरुवारी ती धडा सोडून म्हणाली, "आपल्या जुन्या राजानं ज्यूंना या देशात आसरा दिला, ते तुम्हाला सरांनी सांगितलंय. आता मी सांगते ते ऐका. या गावात शुलिम नावाचा शिंपी होता. त्याची बायको गित्ला. मुलगा मोर्का. मला काज करायला त्यानं शिकवलं, तुम्हाला मी. हेही पाठ करा." आणि तिनं ती नावं मुलींकडून मोठ्यानं म्हणून घेतली.

होता होता १९१८ संपलं. पुढं सरांचे शब्द नव्हते. पुढं होतं १९२०.

"हे मी ऐकलेलं नाही," पेलागिया म्हणाली. "हे मी पाहिलंय." आणि मग तिनं सांगितलं: त्या ऑगस्टात गव्हाच्या पेंढ्या तशाच शेतात पडून होत्या, देवळाच्या घंटा दिवसभर वाजत होत्या, चौकात नाव द्यायला आलेल्यांत शाळकरी होते, सुतार होते, एक लंगडा बेकरीवालाही होता, त्याला परत पाठवलं. हिलारीच्या बुटाचा तळ सुटला होता. तिनं तो जाड दोऱ्यानं शिवून दिला, पण घाईत गाठ कच्ची राहिली आणि ते तिला तो वळणावरून दिसेनासा झाल्यावर आठवलं. "नकाशावर बाण काढतात ना, इकडून फौज आली, तिकडून गेली," ती म्हणाली, "त्या बाणात असे बूट असतात." नवऱ्याबद्दल एवढं सलग ती आयुष्यात पहिल्यांदाच बोलली होती.

१९४४च्या वसंतात गुप्त परीक्षा झाली. किएल्त्से शहरातून एक वयस्क प्राध्यापक आले, उसवलेली विजार काखेत घेऊन. मागल्या स्वयंपाकघरात एकेक मुलगी आत जाई आणि पेलागिया बाहेर मशीन चालवी. सगळ्यांचं झाल्यावर प्राध्यापक चष्मा पुसत बाहेर आले.

"मुली उत्तम तयार आहेत. वाक्यं लासोटाची आहेत, मी ओळखतो, तो माझा विद्यार्थी होता. पण एक गंमत आहे. दुसऱ्या फाळणीत ऑस्ट्रियानं भाग घेतला, असं या सगळ्याच्या सगळ्या मुली सांगतात. लासोटा ही चूक करणार नाही. यांना शिकवलं कुणी?"

मुली जमिनीकडे बघायला लागल्या. मशीन थांबली.

"चूक माझी आहे," पेलागिया म्हणाली. "चोर तिघे होते, म्हणून तिन्ही वेळा मी तिघांनाही धरलं."

प्राध्यापकांनी चष्मा पुन्हा नाकावर चढवला. "दुसऱ्या वेळी ऑस्ट्रिया फ्रान्सशी लढण्यात गुंतला होता, बाई."

"म्हणजे सवड नव्हती म्हणून चोरी राहिली."

"असंही म्हणता येईल," ते म्हणाले आणि त्यांना हसू आवरेना. मुली पास झाल्या, बोग्ना सगळ्यांत वर. निघताना म्हातारा दाराशी थांबला, वाकला आणि जुन्या रीतीनं त्यानं तिचा हात ओठांना लावला. सुईनं चाळण झालेली बोटं होती ती. पेलागियाला इतका संकोच वाटला की त्यांची विजार द्यायचीच ती विसरली, आणि बोग्नाला ती घेऊन स्टेशनपर्यंत पळावं लागलं.

युद्ध संपलं. रशियाच्या छत्राखालचं नवं कम्युनिस्ट राज्य आलं, आणि नव्या पुस्तकांत पुन्हा काही पानं गाळलेली होती. कामकरी लोकांसाठी संध्याकाळची शाळा निघाली, तिच्यात पन्नाशीच्या पेलागियानं नाव घातलं. माल्विनानं विचारलं, "या वयात? आता कुणाचं भलं करायचंय शिकून?" शिवणवर्गाचं खरं काय ते एव्हाना माल्विनाला कळलं होतं. माफी मागणं तिला जमलं नव्हतं, पण भट्टीतला पहिला पाव ती न बोलता पेलागियासाठी बाजूला ठेवायची.

"माझंच भलं," पेलागिया म्हणाली. "गणित राहिलंय."

शेवटची तोंडी परीक्षा तिघांसमोर. एक गणिताचे मास्तर, एक जिल्ह्याहून आलेला टाय लावलेला तरुण अधिकारी, आणि तिसरी बोग्ना, आता शाळेत शिक्षिका. अधिकाऱ्यानं विचारलं, "रशियाची आणि आपली मैत्री इतिहासात कशी कशी वाढत गेली, ते सांगा."

पेलागियानं थोडा विचार केला. "साहेब, आजोबांपासून सांगू की नवऱ्यापासून?"

गणिताच्या मास्तरांना ठसका लागला. अधिकाऱ्याच्या मानेवर लाली चढली. अशा उत्तरापायी त्या दिवसांत माणसं तुरुंगात जात. बोग्ना शांतपणे म्हणाली, "उमेदवार बाईंना कमी ऐकू येतं. मशीनच्या आवाजानं कान गेलेत. मी पुढचा प्रश्न विचारते." आणि तिनं गव्हाच्या पिकाबद्दल काहीतरी विचारलं.

पेलागिया पास झाली. गणितात वर्गात पहिली, इतिहासात शेवटची. बोग्नाची मात्र त्याच वर्षी दूरच्या खेड्यात बदली झाली. पेलागिया गाडीनं आणि मग पायी तिथं गेली, चिखलात गुडघ्यापर्यंत भिजून.

"माझ्या तोंडानं तुझं नुकसान केलं," ती म्हणाली.

"काकू, तुम्ही गप्प बसला असता तर मी तुम्हाला नापास केलं असतं," बोग्ना म्हणाली. दोघी मग रात्रीच्या जेवणाला बार्लीचं सूप करायला लागल्या.

१९५६नंतर सरकारची पकड सैल झाली, वारं बदललं. बोग्ना परत आली आणि तिनं पेलागियाला शाळेत बोलावलं, मुलांना त्या दिवसांबद्दल सांगायला. पेलागिया फळ्यासमोर उभी राहिली आणि हातात खडू फिरवत राहिली. शेवटी मुलांनीच प्रश्न विचारायला सुरुवात केली. पुढच्या बाकावरच्या मुलीनं विचारलं, "तुम्हाला भीती नाही वाटायची?"

"वाटायची ना. जेवण जायचं नाही. सर जायला निघाले की मी मागच्या दारात जाऊन ओकायचे." बोग्नानं दचकून तिच्याकडे पाहिलं, हे तिलाही ठाऊक नव्हतं.

"मग सोडून का नाही दिलंत?"

पेलागियाला हा प्रश्न नवीन होता. "पुढं काय झालं ते ऐकायचं होतं," ती म्हणाली.

मुलं हसली. तिनं मात्र ते अगदी खरं सांगितलं होतं.

ती त्यानंतर बरीच वर्षं जगली. तिच्या नावाच्या संतिणीच्या दिवशी, म्हणजे नामदिवसाला, तिच्या शिवणवर्गाच्या बायका, कुणी डॉक्टरीण, कुणी पोस्टात, दोघीतिघी शिक्षिका, खसखशीचा केक घेऊन त्या एका खोलीत दाटीवाटीनं बसायच्या आणि एकमेकींच्या कपड्यांची शिलाई तपासायच्या. ती गेली तेव्हा फेब्रुवारीची कडाक्याची थंडी होती, जमीन कुदळीला दाद देत नव्हती. खड्डा खणायला माल्विनाचे मुलगे सकाळपासून राबत होते.